खाणीतून मैदानाकडे : जॉक स्टीन
(द्वितीय वर्ष, कला)

आमच्या घरी कोळशाची ओळख भूगोलाच्या पुस्तकातून झाली नाही. माझे आजोबा खाणीत लोडर होते. माझे वडील आजही भूमिगत खाणीत पाळीवर जातात. चंद्रपूर जिल्ह्यात, वर्धा नदीच्या खोऱ्यात आमची वसाहत आहे. पहाटे पाचला भोंगा झाला की आई चहा ठेवते, बाबा डबा घेऊन निघतात आणि दुपारी परत येतात तेव्हा डोळ्यांच्या कडांना काजळ घातल्यासारखी काळी रेघ असते. ती रेघ साबणाने जात नाही. लहानपणी मला वाटे, सगळ्यांच्याच वडिलांचे डोळे असे असतात.

आमच्या घरातून महाविद्यालयाची पायरी चढणारा मी पहिलाच. हे सांगताना अभिमान वाटतो आणि थोडी भीतीही वाटते. कारण पहिल्याने पाय घसरून चालत नाही.

अभ्यासात मी मध्यम आणि फुटबॉलमध्येही मध्यम. वसाहतीच्या मागे राखेचे एक मैदान आहे, तेथे मी खेळायला शिकलो. महाविद्यालयाच्या संघात मी राखीव खेळाडू होतो. यंदा अंतिम निवड झाली तेव्हा फलकावर माझे नाव नव्हते. आमच्या क्रीडाशिक्षकांनी मला बाजूला बोलावून सांगितले, की तुला खेळ समजतो पण पाय मागे राहतात. तेव्हा तू वसाहतीतल्या लहान मुलांना शिकव. मला तो अपमान वाटला. खेळता येत नाही म्हणून शिकव, असाच त्याचा अर्थ मी लावला आणि आठ दिवस मैदानाकडे फिरकलो नाही.

त्या आठ दिवसांत सरांनीच एक जुने इंग्रजी पुस्तक माझ्या हातात ठेवले. शब्दकोश शेजारी घेऊन मी ते वाचले, महिना लागला. नंतर आणखी मिळेल ते वाचले. ज्या माणसाची ओळख झाली तो स्कॉटलंडचा जॉक स्टीन. जगातल्या फुटबॉलशौकिनांना हे नाव माहीत आहे, आपल्याकडे मात्र फारसे कोणी घेत नाही. म्हणून मित्रहो, त्याची हकिकत येथे सांगतो.

स्टीनचा जन्म ५ ऑक्टोबर १९२२ रोजी झाला. जन्मगाव बर्नबँक. स्कॉटलंडच्या लॅनार्कशायर परगण्यात हॅमिल्टन शहराला लागून असलेली ही खाणकामगारांची वस्ती. पाळण्यातले नाव जॉन. त्या काळी या भागात मुलगा शाळेतून बाहेर पडला की खाणीत उतरायचा, हा जणू निसर्गनियमच होता. त्यातून सुटकेचे दोन-तीनच मार्ग होते आणि त्यातला एक म्हणजे फुटबॉल. मँचेस्टर युनायटेडला मोठे करणारा मॅट बझ्बी याच लॅनार्कशायरच्या कोळशाच्या मुलखातला. लिव्हरपूलला घडवणारा बिल शँक्ली शेजारच्या एअरशायरच्या खाणगावातला. तिघेही खाणकामगारांच्या घरचे, तिघेही पुढे थोर मॅनेजर झाले. हा नुसता योगायोग असेल असे मला वाटत नाही.

१९३७ साली स्टीनने शाळा सोडली. काही काळ त्याने गालिच्यांच्या कारखान्यात काम केले आणि मग तो खाणीत उतरला. पुढे जवळजवळ एक तप त्याची रोजची भाकर खाणीतूनच येत होती. दुसरे महायुद्ध सुरू झाले. पण कोळसा ही युद्धाचीच गरज असल्याने खाणकामगारांना सैन्यातून सूट होती. त्यामुळे स्टीन आठवडाभर जमिनीखाली आणि शनिवारी मैदानावर, असे दुहेरी आयुष्य जगू लागला.

बाबांना मी हे रात्री जेवताना सांगत होतो. त्यांना फुटबॉलमध्ये रस नाही. ऐकता ऐकता त्यांनी एकच प्रश्न विचारला, की तो सामन्याच्या दिवशी पाळी कशी सांभाळायचा? माझ्याकडे उत्तर नव्हते. पण खाणीत काम करणाऱ्याच्या मनात पहिला प्रश्न हाच यावा, हे मला फार खरे वाटले.

स्थानिक ब्लँटायर व्हिक्टोरिया या संघाकडून खेळून स्टीन १९४२ मध्ये अल्बियन रोव्हर्सकडे आला. हा कोटब्रिज गावचा क्लब, मैदानाचे नाव क्लिफ्टनहिल. स्कॉटलंडच्या फुटबॉलमध्ये या क्लबचे स्थान कोणते म्हणाल, तर आपल्याकडच्या एखाद्या तालुक्याच्या संघासारखे. मोठे क्लब येऊन हरवून जायचे आणि बातमी चार ओळींत संपायची. गंमत अशी, की १४ नोव्हेंबर १९४२ रोजी चाचणीचा खेळाडू म्हणून स्टीन पहिल्यांदा या संघातून उतरला तो नेमका सेल्टिकविरुद्ध. सामना ४-४ असा बरोबरीत सुटला. ज्या सेल्टिकचे नाव पुढे त्याच्या नावाशी कायमचे जोडले गेले, त्या क्लबशी त्याची पहिली भेट अशी प्रतिस्पर्धी म्हणून झाली.

स्टीन हा बचावफळीच्या मध्यभागी खेळणारा डावखुरा खेळाडू. अंगाने थोराड, हवेतल्या चेंडूला खंबीर, पण वेग बेताचा. तो काही चेंडूचा जादूगार नव्हता. १९४८ मध्ये अल्बियन रोव्हर्स वरच्या विभागात चढला आणि एकाच हंगामात परत खाली आला. स्टीन दोनशेहून अधिक सामने या क्लबसाठी खेळला. राष्ट्रीय संघात त्याची निवड कधीच झाली नाही. सत्तावीस-अठ्ठावीस वर्षांचा झाला तरी तो अर्धवेळ फुटबॉलपटू आणि पूर्णवेळ खाणकामगारच होता. त्या वेळी कोणी त्याच्या आयुष्याचा हिशेब मांडला असता, तर बेरीज फार मोठी झाली नसती.

१९५० मध्ये त्याने धाडस केले. वेल्समधल्या लानेली या क्लबने त्याला आठवड्याला बारा पौंड देऊ केले. हा क्लब इंग्लंडच्या मुख्य लीगमध्येसुद्धा नव्हता. परंतु पैसे खाणीपेक्षा बरे होते आणि पहिल्यांदाच फक्त फुटबॉलवर पोट भरता येणार होते. स्टीनने खाण सोडली. पण सुख लाभले नाही. क्लबची आर्थिक स्थिती डळमळू लागली. इकडे हॅमिल्टनमधले त्याचे घर चोरांनी दोनदा फोडले. पत्नी जीन हिला गावी परतायचे होते. खेळ सोडून पुन्हा खाणीत उतरावे असा विचार त्याच्या मनात पक्का होत चालला होता.

मित्रहो, हे पान वाचताना मी थांबलो. पुस्तकाची पुढची पाने जाड होती, म्हणून मला माहीत होते की हा माणूस पुढे मोठा होणार. पण त्या दिवशी त्याला स्वतःला ते माहीत नव्हते. लानेलीच्या भाड्याच्या घरात बसलेल्या त्या माणसासमोर फक्त खाणीचे तोंड होते.

डिसेंबर १९५१ मध्ये सेल्टिकने त्याला बाराशे पौंडांना विकत घेतले. कारण मोठे नव्हते. सेल्टिकला आपल्या राखीव संघातल्या पोरांना सांभाळून घेणारा एक अनुभवी माणूस हवा होता. राखीव संघाचे प्रशिक्षक जिमी ग्रिबेन यांना स्टीन आठवला आणि त्यांनी त्याचे नाव सुचवले. एका माणसाच्या स्मरणशक्तीवर केवढा इतिहास उभा राहिला पाहा!

येथे सेल्टिकविषयी थोडे सांगायला हवे. ग्लासगो शहरात दोन मोठे क्लब आहेत, सेल्टिक आणि रेंजर्स. सेल्टिकची स्थापना १८८७ साली ब्रदर वॉलफ्रिड या धर्मोपदेशकाने केली. आयर्लंडमधून दुष्काळाने आणि दारिद्र्याने ग्लासगोत आलेल्या कॅथॉलिक कुटुंबांच्या मुलांना दोन घास मिळावेत, हा त्यामागे हेतू होता. रेंजर्सच्या पाठीशी प्रॉटेस्टंट समाज. त्यामुळे या दोन क्लबांच्या सामन्यात नुसता खेळ नसे. नोकरी, लग्न, मोहल्ला, शाळा सारे त्यात गुंतलेले असे. स्टीन जन्माने प्रॉटेस्टंट. सेल्टिक हा क्लब प्रॉटेस्टंट खेळाडूंना घेत असे, तरी स्टीनच्या वस्तीतला माणूस तिकडे जाणे अनेकांना रुचले नाही. काही जुन्या मित्रांनी त्याच्याशी संबंध तोडले ते कायमचे. ज्यांच्याबरोबर माणूस वाढतो त्यांनी असे तोंड फिरवावे, याचे दुःख काय असते हे सांगायला नको. पण स्टीन मागे फिरला नाही.

राखीव संघासाठी आणलेल्या स्टीनला थोड्याच दिवसांत मुख्य संघात घ्यावे लागले, कारण बचावफळीतले खेळाडू एकामागून एक जखमी झाले. तो आत आला तो आतच राहिला. कप्तान शॉन फॅलन याने त्याला उपकप्तान निवडले आणि फॅलनचा हात मोडल्यावर कप्तानपद स्टीनकडे आले. १९५३ मध्ये इंग्लंडच्या राणीच्या राज्यारोहणानिमित्त स्कॉटलंडचे चार आणि इंग्लंडचे चार क्लब यांची स्पर्धा झाली. तिच्यात सेल्टिकने आर्सेनल, मँचेस्टर युनायटेड आणि अंतिम सामन्यात हायबर्नियन यांना हरवले. १९५३-५४ च्या हंगामात लीग आणि स्कॉटिश कप दोन्ही जिंकले. लीगचे विजेतेपद सेल्टिकला १९३८ नंतर प्रथमच मिळत होते. दोन वर्षांपूर्वी खाणीत परतण्याच्या बेतात असलेला माणूस या संघाचा कप्तान होता!

त्या यशाचे बक्षीस म्हणून क्लबचे अध्यक्ष रॉबर्ट केली यांनी खेळाडूंना १९५४ च्या विश्वचषकासाठी स्वित्झर्लंडला नेले. स्टीनने तेथे हंगेरीचा खेळ पाहिला. हंगेरीचे खेळाडू ठरावीक जागी उभे राहत नसत. जागा बदलत आणि चेंडू सतत फिरता ठेवीत. त्याच स्पर्धेत स्कॉटलंड उरुग्वेकडून ७-० असा हरला. फुटबॉल केवळ अंगमेहनतीचा खेळ नाही, तो विचारांचाही खेळ आहे, ही जाणीव घेऊन स्टीन परत आला असे त्याचे चरित्रकार मानतात. सहल सगळ्यांचीच झाली होती, पण शिदोरी त्याने आणली.

ऑगस्ट १९५५ मध्ये रेंजर्सविरुद्ध खेळताना त्याचा घोटा दुखावला. उपचार झाले, पण पाय पूर्वीसारखा झाला नाही. १९५७ च्या आरंभी त्याने खेळ सोडला. जन्मभर तो किंचित लंगडत चालला. वय चौतीस, हाताशी दुसरे कौशल्य नाही आणि खाणीत उतरायला पायही धड नाही.

सेल्टिकने त्याला राखीव संघातल्या तरुणांना शिकवण्याचे काम दिले. याच कामात स्टीनला स्वतःचा शोध लागला. बिली मॅकनील, जॉन क्लार्क, पॅट क्रेरंड ही मुले त्याच्या हाताखाली होती. त्या काळी स्कॉटलंडमध्ये सराव म्हणजे मैदानाभोवती फेऱ्या मारणे. आठवडाभर चेंडू दिला नाही तर शनिवारी त्याची भूक राहते, अशी समजूत होती. स्टीनने मुलांना चेंडू दिला. कोणी कोठे उभे राहायचे, सहकाऱ्याकडे चेंडू असताना आपण कोठे धावायचे, हे तो समजावून सांगे. बहुतेक मॅनेजर सूट घालून कचेरीत बसत. स्टीन सरावाचे कपडे घालून मैदानात उभा राही.

परंतु प्रॉटेस्टंट असल्यामुळे सेल्टिकचा मॅनेजर आपण कधी होणार नाही, असे त्याला वाटत होते. तोवर त्या क्लबला कॅथॉलिक नसलेला मॅनेजर झालाच नव्हता. मार्च १९६० मध्ये तो डनफर्मलिन या क्लबचा मॅनेजर झाला. फाइफ या दुसऱ्या कोळशाच्या मुलखातला हा क्लब तेव्हा खालच्या विभागात घसरण्याच्या काठावर उभा होता. स्टीनचा पहिलाच सामना पुन्हा सेल्टिकशी पडला. डनफर्मलिनने तो ३-२ असा जिंकला आणि त्यापाठोपाठ पहिले सहाही सामने जिंकून क्लब वाचला. पुढच्याच वर्षी, १९६१ मध्ये, डनफर्मलिन स्कॉटिश कपच्या अंतिम सामन्यात पोहोचला. समोर सेल्टिक. पहिला सामना गोलशून्य बरोबरीत सुटला, दुसऱ्यात डनफर्मलिनने २-० असा विजय मिळवला. क्लबच्या इतिहासातला तो पहिलाच कप. पुढे स्पेनच्या व्हॅलेन्सियाविरुद्ध पहिल्या सामन्यात ४-० असा मार खाल्ल्यावर या लहानशा क्लबने घरच्या मैदानावर ६-२ असा विजय मिळवून बरोबरी साधली. निर्णायक सामना मात्र तो १-० असा हरला. तो सामना लिस्बन शहरात झाला होता. हे शहर लक्षात ठेवा.

१९६३ मध्ये स्टीन आणखी एका स्कॉटिश मॅनेजरबरोबर इटलीत मिलानला गेला. तेथे इंटर क्लबचे प्रशिक्षक हेलेनिओ हेरेरा यांची कामाची पद्धत त्याने जवळून पाहिली. हेरेरा यांचा संघ अभेद्य बचावासाठी प्रसिद्ध होता. एक गोल करायचा आणि मग दार लावून घ्यायचे, ही त्यांची रीत. स्टीन ती शिकून आला, पण त्याने तिची नक्कल केली नाही. हे दार कसे उघडायचे याचा तो विचार करीत राहिला.

१९६४ मध्ये तो एडिंबराच्या हायबर्नियन क्लबकडे गेला आणि मार्च १९६५ मध्ये सेल्टिकने त्याला परत बोलावले. अध्यक्ष केली यांनी आधी फॅलनबरोबर संयुक्त जबाबदारीची कल्पना मांडली होती. संघनिवडीतही त्यांचा हात चालत असे. स्टीनने ठामपणे सांगितले, की संघ मी निवडणार, नाहीतर नको. केली यांनी मान्य केले. सेल्टिकने साडेसात वर्षांत एकही मोठी स्पर्धा जिंकली नव्हती. एप्रिल १९६५ मध्ये स्कॉटिश कपच्या अंतिम सामन्यात सेल्टिकने डनफर्मलिनला ३-२ असे हरवले. विजयी गोल डोक्याने मारणारा बिली मॅकनील हा राखीव संघातला त्याचाच जुना विद्यार्थी. १९६६ मध्ये लीग जिंकली, आणि तेव्हापासून १९७४ पर्यंत सलग नऊ वर्षे ती दुसऱ्या कोणाच्या हाती गेली नाही.

आता २५ मे १९६७. स्थळ लिस्बन. युरोपातल्या विजेत्या क्लबांच्या स्पर्धेचा अंतिम सामना, सेल्टिक विरुद्ध इंटर मिलान. इंटरने हा कप १९६४ आणि १९६५ असा दोनदा जिंकला होता. ब्रिटनमधल्या कोणत्याही क्लबने एकदाही नाही. सेल्टिकचे अकराही खेळाडू ग्लासगोपासून तीस मैलांच्या आत जन्मलेले. म्हणजे आपल्या हिशेबात चंद्रपूर, बल्लारपूर, राजुरा, भद्रावती एवढ्यातच सारा संघ! गोलरक्षक रॉनी सिम्पसन छत्तीस वर्षांचा. हायबर्नियनमध्ये असताना याच स्टीनने त्याला सेल्टिकला विकून टाकले होते. स्टीन सेल्टिकमध्ये आला तेव्हा सिम्पसनला वाटले, आता आपले संपले. पण स्टीनने आपले आधीचे मत बदलले आणि त्यालाच पहिला गोलरक्षक केले. चूक कबूल करायला भाषण करावे लागत नाही, हे मी यातून शिकलो.

सातव्या मिनिटाला इंटरला पेनल्टी मिळाली आणि मॅझोलाने गोल केला. आता हेरेरा यांच्या संघाने दार लावून घेतले. त्या सामन्याचे कृष्णधवल चित्रण मी मोबाइलवर पाहिले आहे. सेल्टिकचे खेळाडू लाटेसारखे पुन्हा पुन्हा येत राहतात. आडव्या खांबावर चेंडू दोनदा आदळतो. इंटरचा गोलरक्षक सार्टी अशक्य वाटणारे फटके अडवतो. शेवटी ६३ व्या मिनिटाला टॉमी गेमेल हा बचावपटू मागून धावत येतो आणि दुरून गोल ठोकतो. खेळ संपायला थोडा वेळ असताना मर्डोकच्या फटक्याला चामर्स वाट दाखवतो आणि २-१. उत्तर युरोपातल्या क्लबने हा कप जिंकण्याची ती पहिली वेळ. त्या एकाच हंगामात सेल्टिकने ज्या ज्या स्पर्धेत भाग घेतला ती प्रत्येक स्पर्धा जिंकली.

स्टीन माणसे कशी ओळखत असे याचा एक प्रसंग सांगतो. जिमी जॉन्स्टन हा त्याचा सर्वांत चलाख खेळाडू. पण त्याला विमानाची विलक्षण भीती. नोव्हेंबर १९६८ मध्ये बेलग्रेडच्या रेड स्टार संघाशी ग्लासगोला सामना होता. मध्यंतराला बरोबरी. स्टीनने जॉन्स्टनला सांगितले, की आज चार गोलांच्या फरकाने जिंकलो, तर परतीच्या सामन्याला तुला विमानाने यावे लागणार नाही. जॉन्स्टन वाघासारखा खेळला, त्याने स्वतः दोन गोल केले आणि सेल्टिक ५-१ असा जिंकला. भीती घालवण्याचा उपदेश न करता तिलाच कामाला लावणारा हा शिक्षक होता.

तो देवमाणूस होता असे मी म्हणत नाही. तो कडक होता, खेळाडू त्याला घाबरत. मित्रत्वाने वागला तरी संघातून काढताना त्याचा हात थरथरत नसे. १९७० मध्ये मिलान शहरात सेल्टिक पुन्हा अंतिम सामन्यात पोहोचला आणि हॉलंडच्या फेयेनूर्डकडून २-१ असा हरला. स्टीनने त्या संघाला कमी लेखले, असे पुष्कळांचे मत आहे. २ जानेवारी १९७१ रोजी रेंजर्सच्या मैदानावर सेल्टिकविरुद्धच्या सामन्यानंतर जिन्यावर चेंगराचेंगरी होऊन ६६ माणसे गेली. प्रतिस्पर्ध्यांची ती माणसे. पण स्टीन जखमींना मदत करायला धावला. त्या दिवशी त्याला कोणाचा पंथ आठवला नाही.

जुलै १९७५ मध्ये त्याच्या मोटारीला भीषण अपघात झाला. रस्त्याच्या चुकीच्या बाजूने आलेली गाडी त्याच्या गाडीवर आदळली. तो जेमतेम वाचला आणि एक पूर्ण हंगाम मुकला. परत येऊन १९७७ मध्ये त्याने लीग आणि कप पुन्हा जिंकले. एकूण हिशेब असा : दहा लीग, आठ स्कॉटिश कप, सहा लीग कप आणि एक युरोपियन कप. पण १९७८ मध्ये संघ मागे पडला आणि क्लबने मॅनेजरपद मॅकनीलकडे दिले. स्टीनला देऊ केलेले काम क्लबच्या सोडतीचा निधी सांभाळण्याचे होते. ज्याने क्लबला युरोपात उभे केले त्याला तिकिटांचा हिशेब! तो इंग्लंडमधल्या लीड्स क्लबकडे गेला, तेथे ४४ दिवस राहिला आणि ऑक्टोबर १९७८ मध्ये स्कॉटलंडच्या राष्ट्रीय संघाचा मॅनेजर झाला. ज्या संघात खेळाडू म्हणून त्याला कधी जागा मिळाली नाही, त्याच संघाचा तो आता सूत्रधार होता. १९८२ च्या विश्वचषकात स्कॉटलंडने न्यूझीलंडला हरवले, सोव्हिएत संघाशी बरोबरी केली. परंतु गोलांच्या फरकाने तो पहिल्याच फेरीत बाहेर पडला.

१० सप्टेंबर १९८५. वेल्समधले कार्डिफ शहर. पुढच्या विश्वचषकाच्या आशा जिवंत ठेवायला स्कॉटलंडला बरोबरी पुरेशी होती. तेराव्या मिनिटाला वेल्सने गोल केला. स्टीनची प्रकृती बरी नव्हती. उत्तरार्धात त्याने डेव्ही कूपर या खेळाडूला आत पाठवले आणि ८१ व्या मिनिटाला कूपरनेच पेनल्टीवर बरोबरी साधली. सामना संपत आला असताना स्टीन मैदानाच्या कडेलाच कोसळला. मैदानाच्या वैद्यकीय खोलीत त्याने प्राण सोडला. वय बासष्ट. त्या रात्री त्याचा सहायक होता अलेक्स फर्ग्युसन. पुढे त्यानेच स्कॉटलंडला १९८६ च्या विश्वचषकात नेले आणि नंतर मँचेस्टर युनायटेडला वैभव दिले. स्टीनकडून आपण काय शिकलो हे तो नेहमी सांगत आला आहे. २०११ मध्ये सेल्टिकच्या मैदानाबाहेर स्टीनचा पुतळा उभारण्यात आला. त्याच्या हातात युरोपियन कप आहे.

स्टीन आयुष्यभर मानत आला, की खाणीतल्या माणसांपेक्षा चांगली माणसे त्याला पुन्हा भेटली नाहीत. जमिनीखाली एकाचा जीव दुसऱ्याच्या लक्षावर असतो. मला वाटते, त्याचा फुटबॉल त्यातूनच आला. हे मी बाबांना सांगितले तेव्हा ते काही बोलले नाहीत. पण थोड्या वेळाने त्यांनी आपल्या गटातल्या माणसांची नावे एकेक करून सांगायला सुरुवात केली. कोण छताचा आवाज ओळखतो, कोण नव्या पोराला पुढे जाऊ देत नाही. इतक्या वर्षांत त्यांनी खाणीबद्दल माझ्याशी एवढे कधीच बोलले नव्हते.

नवव्या दिवशी मी मैदानावर गेलो. आमच्या वसाहतीत दोन ओळी आहेत, मधे नाला. नाल्याच्या अलीकडची आणि पलीकडची पोरे एकत्र खेळत नाहीत. कारणे मोठ्या माणसांची आहेत, पोरांना ती नीट माहीतही नाहीत. मी दोन्हींकडच्या मुलांना बोलावले. पहिल्या दिवशी अलीकडची सात आली, पलीकडची दोन. दोन घरांतून मला निरोप आला, की आमच्या पोराला बोलावत जाऊ नकोस. तीन महिन्यांनंतर आता एकूण सोळा मुले आहेत आणि त्यांतली सात पलीकडची. आमच्याकडे चेंडू दोन, त्यातला एक शिवलेला. पहिला सामना आम्ही ४-१ असा हरलो. आमचा एकमेव गोल झाला तेव्हा चेंडू नाल्यापलीकडच्या पोराने दिला आणि अलीकडच्याने मारला. दोघे एकमेकांच्या गळ्यात पडले आणि मग लाजून बाजूला झाले.

बाबा पहिली पाळी संपवून तो सामना बघायला आले होते. कडेला उभे होते, हातात रिकामा डबा, डोळ्यांना तीच काळी रेघ. घरी जाताना त्यांनी विचारले, की आता पुढचा सामना कधी? मी सांगितले, पुढच्या रविवारी. त्या आठवड्यात त्यांची रातपाळी आहे. तरी येतो, म्हणाले.